ओसाकाची लाल पुस्तके आणि तरुण तेझुका

ऑगस्ट १९४५ मध्ये जपानने शरणागती पत्करली तेव्हा ओसाका शहराचा मोठा भाग हवाई हल्ल्यांत जळून गेलेला होता, छपाईचा कागद सरकारी वाटपाखाली होता, आणि टोकियोतील जुनी प्रकाशनगृहे कागदाच्या टंचाईने व युद्धकाळातील आपल्या वर्तनाबद्दल चाललेल्या चौकशांनी अडखळलेली होती. मुलांना वाचायला हवे होते आणि देणारे कोणी नव्हते. ही पोकळी भरून काढली ती ओसाकातील मात्सुयामाची या बाजारपेठेने, जी खेळणी, बाहुल्या, फटाके आणि गोळ्या-मिठाईच्या घाऊक व्यापारासाठी ओळखली जात होती. येथील लहान प्रकाशक मुलांसाठी जी स्वस्त चित्रपुस्तके काढत, त्यांना मुखपृष्ठावरील भडक लाल रंगामुळे ‘आकाहोन’, म्हणजे लाल पुस्तक, म्हणत. ती पुस्तकांच्या दुकानांत क्वचितच मिळत. गोळ्या-बिस्किटांची दुकाने, खेळण्यांची दुकाने आणि देवळांपुढच्या जत्रांतील पाले ही त्यांची विक्रीकेंद्रे होती. नियंत्रित वाटपातून सुटलेला, रद्दी कुजवून केलेला खरबरीत कागद त्यांना वापरला जाई, चित्रकाराला स्वामित्वधनाऐवजी एकरकमी मोबदला मिळे, आणि छपाईच्या ज्या पद्धतीला ‘काकिहान’ म्हणत तीत एखादा कारागीर मूळ चित्र हाताने पुन्हा गिरवून छपाईचा पत्रा तयार करी, त्यामुळे वाचकापर्यंत पोचणारी रेघ चित्रकाराची नसून कारागिराची असे. ज्या व्यवसायात चित्रकाराची रेघसुद्धा त्याची स्वतःची राहत नव्हती, त्या व्यवसायातून विसाव्या शतकातील जपानी चित्रकथेचा, म्हणजे मांगाचा, सर्वांत प्रभावी लेखक-चित्रकार पुढे आला, आणि तो पुढे आला तेव्हा वैद्यकाचा विद्यार्थी होता.

ओसामू तेझुका यांचा जन्म ३ नोव्हेंबर १९२८ रोजी ओसाका प्रांतातील तोयोनाका येथे झाला आणि त्यांचे बालपण जवळच्याच ताकाराझुका या गावी गेले. हे गाव साधे नव्हते. ओसाकाहून तेथपर्यंत रूळ टाकणाऱ्या रेल्वे कंपनीचे सूत्रधार इचिझो कोबायाशी यांना शेवटच्या स्थानकापर्यंत प्रवासी हवे होते, आणि म्हणून त्यांनी गरम पाण्याच्या झऱ्यांच्या या गावात करमणुकीची एक अख्खी वसाहतच उभी केली, जिच्यात स्नानगृहे होती, प्राणिसंग्रहालय होते, आणि १९१३ मध्ये स्थापन झालेली केवळ स्त्री-कलावंतांची संगीत नाटकमंडळीही होती. या मंडळीत पुरुष-भूमिका स्त्रियाच करतात, त्या भूमिकांसाठी वेगळे प्रशिक्षण असते, आणि अनेक कथानके युरोपीय वळणाच्या राजवाड्यांत व नृत्यशाळांत घडतात. तेझुका यांची आई त्यांना हे प्रयोग पाहायला नेई. तीच त्यांना मांगा वाचून दाखवताना प्रत्येक पात्राला वेगळा आवाज देई. वडील हौशी छायाचित्रकार होते. त्यांनी ‘पाथे बेबी’ या नावाचा ९.५ मिलिमीटर फितीचा घरगुती प्रक्षेपक घेतला होता आणि त्यावर चॅप्लिनचे व डिस्नेचे छोटे चित्रपट घरच्या घरी दाखवले जात. १९३० च्या दशकातील जपानमध्ये असे घर दुर्मीळ होते, आणि तेझुकांच्या पुढील कारकिर्दीचा विचार करताना हे वर्गीय वास्तव बाजूला ठेवता येत नाही. लाल पुस्तकांच्या बाजारात शिरलेला हा तरुण त्या बाजाराच्या गिऱ्हाइकांपेक्षा कितीतरी अधिक पाहून आणि वाचून आलेला होता.

या घरातल्या मुलाने जे मांगा वाचले ते मुख्यतः दोन प्रकारचे होते. एक मासिकांतले: सुइहो तागावा यांची ‘नोराकुरो’ ही चित्रमालिका १९३१ पासून ‘शोनेन कुराबु’ या मुलांच्या मासिकात चालू होती, तिचा नायक सैन्यात भरती झालेला एक भटका काळा कुत्रा होता आणि त्याची बढती होत जाई तसतसे वाचकही वाढत गेले. दुसरा प्रकार पुठ्ठाबांधणीच्या, रंगीत, सलग कथेच्या पुस्तकांचा होता. त्यांपैकी नोबोरू ओशिरो यांचे ‘कासेइ तानकेन’ हे १९४० साली आलेले मंगळप्रवासाचे पुस्तक विशेष उल्लेखनीय आहे, कारण त्याची कथा टोपणनावाने लिहिणारे लेखक हिदेओ ओगुमा हे श्रमिकांच्या चळवळीतील कवी होते. गृहखात्याने १९३८ मध्ये मुलांच्या वाचनसाहित्यावर निर्बंध घालणारे आदेश काढल्यानंतर भडक पुस्तके मागे पडली आणि ‘वैज्ञानिक’ म्हणता येईल अशा पुस्तकांना वाव मिळाला. त्या अरुंद वाटेने एका डाव्या कवीने मुलांना दुर्बिणी, अंतराळ आणि स्वप्न यांची कथा सांगितली. युद्धोत्तर काळात तेझुकांच्या विज्ञानकथा अचानक उगवल्यासारख्या वाटतात, परंतु त्यांच्या मुळाशी सेन्सॉरच्या धाकातून जन्मलेले हे युद्धपूर्व पुस्तकविश्व आहे.

चित्रांइतकेच वेड कीटकांचे होते. ताकाराझुकाभोवतालच्या टेकड्यांतून धाकट्या भावासह आणि मित्रांसह त्यांनी भुंगेरे व फुलपाखरे गोळा केली, त्यांची अचूक रंगीत चित्रे काढून हस्तलिखित सूची तयार केल्या, आणि ‘ओसामुशी’ या जमिनीवरच्या भुंगेऱ्याच्या नावाशी आपले नाव जुळते हे लक्षात आल्यावर सहीत ‘कीटक’ या अर्थाचे चिन्ह जोडले, जे कायम राहिले. कीटकांचा नाद असलेल्या मुलाला दोन गोष्टी लवकर कळतात: अळीचा कोश आणि कोशाचे फुलपाखरू होताना देह पूर्णपणे बदलतो, आणि नमुना टाचायचा असेल तर तो मेलेला असावा लागतो. या दोन्ही गोष्टी त्यांच्या कथांत पुढे सतत येतात, इतक्या की तेझुकांवरील डिस्नेच्या प्रभावाची जी चर्चा होते तिच्या निम्मी तरी कीटकांच्या प्रभावाची व्हायला हवी होती.

१९४१ मध्ये ते ओसाकातील कितानो माध्यमिक शाळेत दाखल झाले आणि त्याच वर्षी जपान अमेरिकेविरुद्ध युद्धात उतरला. अमेरिकी चित्रपट बंद झाले. तरी पडदा अगदीच रिकामा राहिला नाही. ह्युएन त्संगच्या भारतयात्रेभोवती रचलेल्या जुन्या चिनी कादंबरीवर आधारलेला, शांघायमधील वान बंधूंचा ‘लोहपंख्याची राजकन्या’ हा पूर्ण लांबीचा अ‍ॅनिमेशनपट १९४२ मध्ये जपानमध्ये दाखवला गेला आणि त्याचा ठसा तेझुकांवर एवढा राहिला की दहा वर्षांनी त्यांनी त्याच कथेतील वानरनायकावर स्वतःची दीर्घ मालिका सुरू केली. शत्रू मानल्या गेलेल्या देशाच्या कलाकृतीने एका जपानी मुलाला घडवावे ही गोष्ट त्या काळाच्या सोयीच्या विभागणीत बसत नाही. यानंतर एप्रिल १९४५ मध्ये, बाँबहल्ल्यांनी उद्ध्वस्त झालेल्या ओसाकात, एका जवळपास रिकाम्या चित्रपटगृहात त्यांनी मित्सुयो सेओ यांचा ‘मोमोतारो, समुद्रावरचे दैवी सैनिक’ हा नौदलाने बनवून घेतलेला प्रचारपट पाहिला. प्रचाराखाली दडलेल्या कोवळिकीने आपण रडलो आणि आयुष्यात एकदा तरी असा चित्रपट काढायचा निश्चय केला, असे त्यांनी पुढे लिहून ठेवले.

त्या वेळी ते शाळेत शिकत नव्हतेच. विद्यार्थ्यांना युद्धोत्पादनासाठी कामाला लावण्याच्या सक्तीखाली ते ओसाकातील एका कारखान्यात होते, आणि तेथेही कागदावर चित्रकथा काढून ती प्रसाधनगृहात इतरांना वाचण्यासाठी चिकटवत असत. जून १९४५ च्या एका हल्ल्याच्या वेळी ते टेहळणीच्या मनोऱ्यावर होते. आगीचे बाँब अगदी जवळ पडले, आणि त्यातून वाचून योदो नदीच्या काठाने चालत जाताना त्यांनी प्रेतांचे ढीग पाहिले. या अनुभवावर त्यांनी १९७४ मध्ये ‘कामी नो तोरिदे’, म्हणजे कागदाचा किल्ला, ही लघुकथा रेखाटली. परंतु त्याचा अधिक मोलाचा पुरावा त्याच वर्षीचा, १९४५ चा, आहे. ‘विजयाच्या दिवसापर्यंत’ या अर्थाच्या शीर्षकाचे एक हस्तलिखित मागे राहिले आहे. त्यात जपानी आणि अमेरिकी चित्रमालिकांतील पात्रे एकत्र वावरतात आणि हवाई हल्ल्यापासून बचावाचे धडे थट्टेच्या सुरात दिले जातात. मग मिकी माउस चालवत असलेले विमान एका मुलावर गोळ्या झाडते, आणि त्या गोल डोक्याच्या, दोन-चार रेघांत काढलेल्या मुलाच्या छातीतून रक्त येते.

समीक्षक एइजी ओत्सुका यांनी २००३ साली याच चौकटीवर बोट ठेवले. डिस्नेच्या वळणाची आकृती ही खुणेसारखी असते: ती कड्यावरून पडते, चपटी होते, पुढच्या चौकटीत पुन्हा उभी राहते, तिला इजा होत नाही आणि ती मरत नाही. त्या आकृतीला जखम होऊ देणे म्हणजे खुणेला देह देणे होय, आणि हा देह एका सोळा वर्षांच्या मुलाने हवाई हल्ल्यांखाली राहून, ज्यांची चित्रे पाहून तो चित्रे काढायला शिकला त्यांच्याच विमानांच्या माऱ्यात, काढला. ओत्सुकांच्या सिद्धान्तात काही ठिकाणी ताण जाणवतो, कारण एका चौकटीवर ते फार मोठी इमारत रचतात. परंतु पुढील दहा वर्षांची तेझुकांची पुस्तके ओळीने वाचली तर ती इमारत कोसळत नाही असेच म्हणावे लागते.

जुलै १९४५ मध्ये तेझुका यांनी ओसाका सम्राटीय विद्यापीठाच्या वैद्यकीय विशेष विभागात प्रवेश घेतला. युद्धकाळात डॉक्टरांची गरज भागवण्यासाठी असे कमी मुदतीचे विभाग काढलेले होते. वैद्यकाकडे वळण्यामागे शालेय वयात दोन्ही हातांना झालेला बुरशीचा तीव्र संसर्ग आणि तो बरा करणारा डॉक्टर हे एक कारण ते सांगत. घराण्यात परंपराही होती, कारण त्यांच्या पूर्वजांपैकी र्‍योआन तेझुका यांनी एकोणिसाव्या शतकात ओसाकातील ‘तेकीजुकु’ या डच वैद्यक शिकवणाऱ्या विद्यालयात शिक्षण घेतले होते, आणि ओसाका विद्यापीठ आपला वारसा त्याच विद्यालयापर्यंत नेते. विद्यार्थी म्हणून ते व्याख्यानांत चित्रे काढत, विद्यार्थ्यांच्या नाटकमंडळीत काम करत, आणि दोस्तोयेव्हस्कीच्या ‘गुन्हा आणि शिक्षा’च्या प्रयोगात त्यांनी रंगाऱ्याची छोटी भूमिकाही केली होती. ४ जानेवारी १९४६ पासून ‘शोकोकुमिन शिंबुन’ या मुलांच्या वृत्तपत्राच्या ओसाका आवृत्तीत त्यांची ‘मा-चान नो निक्कीचो’ ही चार चौकटींची मालिका येऊ लागली. ती तीन महिने चालली. तिच्यात टंचाई, काळा बाजार आणि अमेरिकी सैनिक दिसतात, रेघ स्वच्छ आहे, विनोद बेताचा आहे. सतरा वर्षांच्या मुलाचे काम म्हणून ती चांगली आहे, त्याहून अधिक नाही.

खरे वळण शिचिमा साकाई यांच्यामुळे आले. साकाई हे १९०५ साली जन्मलेले, अ‍ॅनिमेशनचाही अनुभव असलेले ओसाकाचे व्यंगचित्रकार होते आणि तेथील चित्रकारांच्या मंडळात त्यांची तेझुकांशी गाठ पडली. साकाईंनी आखलेल्या कथेवर तेझुकांनी चित्रे काढली आणि जानेवारी १९४७ मध्ये इकुएइ शुप्पान या प्रकाशनाने ‘शिन ताकाराजिमा’, म्हणजे नवे खजिन्याचे बेट, हे पुस्तक बाजारात आणले. नकाशा हाती लागलेला एक मुलगा, एक कप्तान, चाचे, आणि टारझनसारखा एक रानपुरुष अशी ही उसन्या वस्तूंनी भरलेली गोष्ट आहे. तेझुकांनी काढलेल्या पानांपैकी सुमारे ६० पाने साकाईंनी कमी केली, काही चेहरे बदलले, आणि काकिहान पद्धतीमुळे उरलेल्या रेघाही कारागिराच्या हातातून गेल्या. हे शल्य तेझुकांना इतके राहिले की १९८४ मध्ये समग्र वाङ्मयात त्या पुस्तकाचा समावेश करताना त्यांनी ते नव्याने रेखाटले, आणि मूळ आवृत्ती जशीच्या तशी पुन्हा वाचकांच्या हाती यायला २००९ साल उजाडावे लागले.

या पुस्तकाच्या ४ लाख प्रती खपल्या असे वारंवार सांगितले जाते. हा आकडा पुराव्याने सिद्ध झालेला नाही, आणि लाल पुस्तकांच्या बाजारात बनावट आवृत्त्याही सर्रास निघत असल्यामुळे तो सिद्ध होण्याजोगा आहे असेही वाटत नाही. त्याहून महत्त्वाचा वाद पहिल्या पानांविषयी आहे. मोटार हाकत बंदराकडे धावणारा मुलगा वेगवेगळ्या अंतरांवरून आणि कोनांतून, जवळजवळ शब्दांवाचून, चौकटीमागून चौकटीत दाखवला आहे. तोयामा प्रांतातील ताकाओका या गावी राहणारे हिरोशी फुजिमोतो आणि मोतोओ आबिको हे दोन शाळकरी मित्र ही पाने पाहून थक्क झाले आणि आपण चित्रपट पाहत आहोत असे त्यांना वाटले. पुढे ‘फुजिको फुजिओ’ या जोडनावाने प्रसिद्ध झालेल्या या दोघांच्या साक्षीवरूनच, तेझुकांनी मांगामध्ये चित्रपटाचे तंत्र आणले, हे वाक्य इतिहासग्रंथांत शिरले. परंतु गेल्या पंचवीस वर्षांतील संशोधनाने त्याला चांगलीच मुरड घातली आहे. हारुयुकी नाकानो यांनी साकाईंचे चरित्र लिहून त्यांचा वाटा पुढे आणला, गो इतो यांनी २००५ मधील ग्रंथात सर्व काही तेझुकांपासून सुरू करण्याच्या सवयीवरच हल्ला चढवला, आणि ओशिरोंसारख्या युद्धपूर्व चित्रकारांच्या पानांत बदलते अंतर, बदलता कोन हे सगळे आधीच होते हे आता कोणीही तपासू शकतो. चित्रपटतंत्राचा शोध तेझुकांनी लावला नाही. मात्र ज्या मुलांनी युद्धकाळात ओशिरोंची पुस्तके कधी पाहिलीच नव्हती, त्यांना ते तंत्र तेझुकांच्या हातून मिळाले, आणि प्रभावाच्या इतिहासात मिळणे हे शोधण्यापेक्षा कमी मोलाचे नसते.

तेझुकांनी जे खरोखर नवे केले ते याच्या पुढच्या पुस्तकांत दिसते, ज्यांत कथाही त्यांची स्वतःची आहे. १९४८ च्या ‘चितेइकोकु नो काइजिन’मध्ये, म्हणजे पाताळदेशाच्या विचित्र माणसात, शास्त्रज्ञांनी माणसासारखी बुद्धी दिलेला मिमिओ नावाचा ससा आहे; तो मित्रांकडून गैरसमजाने दुरावतो, वेष पालटून त्यांनाच वाचवतो आणि शेवटी मरतो. विनोदी पुस्तक म्हणून गोळ्यांच्या दुकानातून आणलेल्या पुस्तकात मोठे कान असलेला नायक मरावा, ही गोष्ट त्या काळच्या मुलाला किती अनपेक्षित असेल याची कल्पना करणे आज कठीण आहे. त्याच वर्षीच्या ‘लॉस्ट वर्ल्ड’मध्ये वनस्पतीपासून घडवलेल्या दोन मुली आहेत, त्यांपैकी एकीला अंतराळयानातील भुकेला खलपुरुष खाऊन टाकतो, आणि कथेचा शेवट दूरच्या ग्रहावर कायमच्या अडकून पडलेल्या तरुणात आणि दुसऱ्या मुलीत होतो. १९४९ च्या ‘मेट्रोपोलिस’मध्ये मिची नावाचा कृत्रिम जीव आहे, ज्याच्या घशातील कळ दाबली की तो मुलाचा मुलगी होतो, आपले आईवडील नाहीत हे कळल्यावर तो यंत्रमानवांचे बंड घेऊन शहरावर चालून जातो आणि अखेरीस त्याचा देह विरघळून जातो. या पुस्तकाला फ्रिट्झ लांगच्या जर्मन चित्रपटाची नक्कल म्हटले जाते, पण तेझुकांनी तो चित्रपट तोवर पाहिलेला नव्हता; मासिकातील एका छायाचित्रावरून आणि नावावरून त्यांनी स्वतःचे शहर रचले.

मिचीमध्ये त्यांचे सगळे धागे एकत्र येतात. स्त्री आणि पुरुष यांच्या सीमेवर सहज ये-जा करणारा देह ताकाराझुकाच्या रंगमंचावरचा आहे, रूपांतर आणि विघटन ही कीटकशास्त्राच्या वहीतली आहेत, पेशींची भाषा वैद्यक विभागातली आहे, आणि जळत्या शहराला वेगळ्या स्रोताची गरज नव्हती. नाटकमंडळीचा संस्कार आणखी एका रीतीने दिसतो: तेझुका आपल्या पात्रांना पगारी नटांसारखे वागवत. टकलू, मिशाळ म्हातारा हिगेओयाजी, जो एका वर्गमित्राने काढलेल्या आपल्या आजोबांच्या चित्रावरून आला, एका पुस्तकात गुप्तहेर असे, दुसऱ्यात शिक्षक; अ‍ॅसिटिलीन लँप नावाचे पात्र बहुतेक ठिकाणी दुष्टाची भूमिका करी. वाचक नटाला ओळखत असल्यामुळे भूमिका समजावून सांगावी लागत नसे, आणि ओळखीचा नट मेला तर धक्काही मोठा बसे.

१९५० च्या सुमारास लाल पुस्तकांचा भर ओसरला. कागद मिळू लागला, टोकियोची मासिके पुन्हा उभी राहिली, आणि तेझुकांनाही राजधानीकडे वळावे लागले. त्यांना तेथे भेटले केनइची काटो. एके काळी ‘शोनेन कुराबु’चे यशस्वी संपादक असलेल्या काटोंना युद्धानंतर सार्वजनिक पदांवरून दूर करण्याच्या आदेशामुळे मोठे प्रकाशनगृह सोडावे लागले होते आणि त्यांनी ‘गाकुदोशा’ ही लहान संस्था काढून १९४७ च्या अखेरीस ‘मांगा शोनेन’ हे मासिक सुरू केले होते. नोव्हेंबर १९५० पासून या मासिकात तेझुकांची ‘जंगल ताइतेइ’, म्हणजे जंगलाचा सम्राट, ही लिओ नावाच्या पांढऱ्या सिंहाची कथा क्रमशः येऊ लागली. तिचे ऋण सरसकट डिस्नेच्या ‘बँबी’कडे दाखवले जाते, तेझुका स्वतः तो चित्रपट ऐंशीहून अधिक वेळा पाहिल्याचे सांगत, जो आकडा त्यांच्या इतर आकड्यांप्रमाणे जरा जपून घ्यावा. परंतु ‘बँबी’ जपानी चित्रपटगृहांत आला तो १९५१ मध्ये, लिओचा जन्म होऊन गेल्यानंतर, त्यामुळे हे ऋण कथेच्या उत्तरार्धातील रेखाटनापुरते मानणे अधिक योग्य ठरेल. या कथेत आफ्रिकी माणसांची चित्रे युद्धपूर्व साहसकथांच्या ठरीव आणि अवमानकारक साच्यातली आहेत, हेही सांगायला हवे. नंतरच्या आवृत्त्यांत प्रकाशकांना त्याविषयी खुलासा छापावा लागला. प्राण्यांच्या देहाकडे इतक्या बारकाईने पाहणाऱ्या चित्रकाराने माणसांच्या बाबतीत उसन्या साच्यावर भागवावे, ही त्या कथेची उणीव राहिली आहे.

एप्रिल १९५४ मध्ये ही कथा संपली ती लिओच्या मृत्यूने. बर्फाच्या वादळात सापडलेल्या माणसाने आपले मांस खाऊन आणि कातडे पांघरून जगावे यासाठी लिओ स्वतःहून मरण पत्करतो, आणि वाचणारा माणूस असतो हिगेओयाजी. भारतीय वाचक तेझुकांना ओळखतात ते मुख्यतः १९७२ पासून आलेल्या ‘बुद्ध’ या दीर्घ मालिकेमुळे, आणि त्या मालिकेच्या आरंभीच उपाशी वृद्धासाठी आगीत उडी घेणाऱ्या सशाची जातककथा आहे. तिच्याशेजारी लिओ ठेवून पाहिला म्हणजे बुद्धचरित्राकडे तेझुका उतारवयातील कुतूहलाने वळले असे वाटत नाही. त्या जातकातील प्रसंग त्यांनी पंचविशीतच एकदा काढलेला होता.

दरम्यान ‘शोनेन’ या मासिकात एप्रिल १९५१ पासून ‘आतोमु ताइशी’, म्हणजे राजदूत आतोमु, ही मालिका आली होती. तिच्यात पृथ्वीवरील माणसांची हुबेहूब प्रतिबिंबे असलेले परग्रहवासी येतात, दोन्ही बाजू एकमेकांच्या जिवावर उठतात, आणि दोहोंपैकी कोणाचाच नसलेला एक यंत्रबालक मध्यस्थी करतो. अपघातात मेलेल्या मुलाची जागा भरण्यासाठी बापाने तो बनवला, आणि तो वाढत नाही म्हणून त्याच बापाने सर्कशीला विकून टाकला. कथेत दुय्यम असलेल्या या पात्राला मासिकाच्या सूचनेवरून नायकपद मिळाले आणि ‘तेत्सुवान आतोमु’ ही मालिका एप्रिल १९५२ मध्ये सुरू झाली. त्याच महिन्याच्या २८ तारखेला जपानवरील दोस्त राष्ट्रांचा ताबा संपला. अणुशक्तीवर चालणाऱ्या या बालकाकडे पुढे आशावादी तंत्रयुगाचे प्रतीक म्हणून पाहिले गेले आणि तेझुकांना ते फारसे रुचले नाही. ताबाकाळात ओसाकाच्या रस्त्यावर एका अमेरिकी सैनिकाचे बोलणे न कळल्यामुळे आपल्याला मार खावा लागला, असे ते सांगत. परस्परांची भाषा न कळणाऱ्या दोन जमातींमध्ये उभा केलेला राजदूत त्या अनुभवाच्या अधिक जवळ आहे. आणि मिकीच्या वळणाचा, न मरणारा, न वाढणारा देह येथे प्रथमच दुःखाचे कारण झाला आहे, जे १९४५ च्या त्या रक्ताळलेल्या चौकटीच्या बरोबर उलट टोक म्हणता येईल.

जानेवारी १९५३ मध्ये ‘शोजो कुराबु’ या मुलींच्या मासिकात ‘रिबॉन नो किशी’ ही मालिका सुरू झाली. देवदूताच्या खोडीमुळे मुलाचे आणि मुलीचे अशी दोन हृदये घेऊन जन्मलेली सफायर ही राजकन्या, मुलींना गादीचा अधिकार नसलेल्या राज्यात राजपुत्र म्हणून वाढते. ताकाराझुकाच्या प्रयोगांचे ऋण येथे उघड आहे, मुलींसाठीच्या मांगात अशी सलग, नाट्यमय कथा तोवर विरळा होती, आणि मोठ्या चमकत्या डोळ्यांची ती परंपरा पुढे स्त्री-चित्रकारांनी हाती घेतल्यावर तेझुकांना मागे टाकून गेली.

त्याच वर्षी ते टोकियोतील ‘तोकिवासो’ या नव्या, लाकडी, दुमजली चाळवजा इमारतीत राहायला गेले, जेथे ‘मांगा शोनेन’च्या लेखकांना खोल्या मिळत. वैद्यकीय परीक्षा ते १९५२ मध्येच उत्तीर्ण झाले होते, पण आईने आवडेल तेच कर असे सांगितल्यावर दवाखान्याचा प्रश्न मिटलेला होता. एकाच वेळी अनेक मासिकांचे काम चाले, हस्तलिखितासाठी ताटकळणारे संपादक दाराशी बसून राहत, आणि शाई भरण्यापासून चौकटी आखण्यापर्यंत हाताला येईल त्या तरुणाला कामाला लावले जाई. मांगा-व्यवसायातील साहाय्यकांची पद्धत या धांदलीतून आकाराला आली. ऑक्टोबर १९५४ मध्ये ते तेथून बाहेर पडले आणि आपली खोली, घरमालकाकडची अनामत रक्कम आणि टेबल यांसह ताकाओकाच्या त्या दोन मित्रांसाठी, फुजिमोतो आणि आबिको यांच्यासाठी, ठेवून गेले. चित्रकार हिरोओ तेरादा आधीच तेथे होते. पुढे शोतारो इशिनोमोरी, फुजिओ आकात्सुका आणि हिदेको मिझुनो आले. १९६० च्या दशकातील मुलांच्या मांगाचा मोठा भाग या एका छपराखालून निघाला.

१९५५ मध्ये ‘मांगा शोनेन’ आर्थिक अडचणीत बंद पडले, आणि त्याच वर्षी पालक-संघटनांनी ‘वाईट पुस्तके हटवा’ ही मोहीम जोरात चालवली, जिच्यात तेझुकांच्याही पुस्तकांवर टीकेचा मारा झाला. ओसाकात मात्र लाल पुस्तकांच्या जागी भाड्याने पुस्तके देणाऱ्या वाचनालयांचा धंदा वाढला होता आणि त्यासाठी चित्रकथा काढणाऱ्यांत योशिहिरो तात्सुमी हे प्रमुख होते. शाळकरी वयात ताकाराझुकाला जाऊन तेझुकांना आपली चित्रे दाखवणारा हा तरुण आता गोल डोकी, विनोद आणि मुले यांना वजा करून मोठ्यांसाठी, शांत आणि भीषण अशा कथा काढू लागला, आणि त्या प्रकाराला १९५७ मध्ये त्याने ‘गेकिगा’, म्हणजे नाट्यचित्र, असे नाव दिले. देहाला जखम होते, माणूस मरतो, हा तेझुकांचाच धडा त्याने तेझुकांना न विचारता पुढे नेला होता. तिशीच्या उंबरठ्यावर असलेले तेझुका हे पाहून अस्वस्थ झाले. आपले साहाय्यकच भाड्याच्या वाचनालयातून आणलेली गेकिगाची पुस्तके आपल्या खोलीत वाचत बसतात असे त्यांना आढळले, आणि आपल्या मनाचा तोल त्यामुळे ढळल्याचे त्यांनी १९६९ च्या आत्मचरित्रात नमूद केले आहे.